तुमचे प्रश्न, वकीलताईंची उत्तरं : रेशन दुकान मिळणार कुणाला?

यावेळी टपालाने आणि व्हॉट्सअ‍ॅपवर जे प्रश्न आले त्यात सगळ्यात जास्त एकाच गोष्टीवरचे आहेत, स्वस्त धान्य दुकान. तालुक्यात नवीन दुकानांचा जाहीरनामा, म्हणजे अर्ज मागवणारी सरकारी नोटीस, लागला की हे होतंच, एका गावात दोन गट, दोघं म्हणतात आम्हीच पात्र, आणि मग तहसीलपासून मंत्रालयापर्यंत तारखांवर तारखा. म्हणून बाकीचे प्रश्न पुढच्या अंकाला ठेवले आणि पूर्ण कॉलम यालाच दिलाय. पत्रं थोडी कापलीत, कुणाचं नाव गाव छापलेलं नाही.

एक गोष्ट आधीच सांगते कारण ती पुन्हा पुन्हा येणार आहे. पात्र कोण हे गावात कुणाचं नाव चांगलं यावर ठरत नाही. जाहीरनाम्यात काय लिहिलं होतं आणि अर्जाच्या शेवटच्या तारखेला तुमच्या फाईलमध्ये काय लावलेलं होतं, यावर ठरतं. मी इतक्या चांगल्या गटांच्या केसेस एका कागदापायी गेलेल्या बघितल्यात की आता कुणी भेटायला आलं की चहाच्या आधी जाहीरनामा मागते.

प्रश्न : ताई नमस्कार. आमचा महिला बचत गट आहे, ११ जणी आहोत, नऊ वर्षं झाली गटाला. गावातल्या दुकानाचा जाहीरनामा निघाला तेव्हा आम्ही अर्ज केला, ग्रामसभेत आमच्या नावाचा ठराव पण झाला. पण दुकान दुसऱ्याच गटाला मंजूर झालं. तो गट जाहीरनाम्याच्या चार महिने आधी काढलेला आहे आणि त्यात सगळ्या जुन्या दुकानदाराच्या घरातल्या नि भावकीतल्या बाया. आमचा अर्ज बाद का, तर म्हणे जागेचा पुरावा नाही. जागा आहे ताई, माझ्या दिराची पत्र्याची खोली रोडलाच आहे, पण उतारा सासऱ्यांच्या नावावर आहे, ते वारले आणि नाव लावायचं राहून गेलं. कोर्टात जायला आमच्याकडे पैसे नाहीत. काय करावं? (एक भगिनी, लातूर जिल्हा)

उत्तर : ताई, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं, कारण यात दोन वेगळी भांडणं आहेत आणि तुम्ही ती एकत्र केलीत. पहिलं, तुमचा अर्ज चुकीने बाद केला का. दुसरं, तो गट मुळात पात्र होता का. ही दोन्ही वेगवेगळी सिद्ध करावी लागतात. समजा तुम्ही फक्त दुसरं सिद्ध केलं, त्यांची मंजुरी रद्द झाली, पण तुमचा अर्ज बादच राहिला, तर काय होईल? पुन्हा जाहीरनामा निघेल. तेलही गेलं तूपही गेलं अशी गत होते, आणि तोवर दीड दोन वर्षं गेलेली असतात.

आधी नियम काय ते बघू. २०१३ च्या अन्न सुरक्षा कायद्याच्या कलम १२ मध्ये लिहिलंय की दुकानं देताना पंचायती, बचत गट, सहकारी संस्था अशांना प्राधान्य द्यायचं आणि दुकान चालवणं महिलांच्या किंवा त्यांच्या गटांच्या हातात असावं. आपल्या राज्याने त्यावर ६ जुलै २०१७ ला शासन निर्णय काढला, त्यात क्रम आहे, आधी ग्रामपंचायत किंवा तशी स्थानिक संस्था, मग नोंदणी झालेले बचत गट, मग सहकारी संस्था, मग नोंदणीकृत सामाजिक संस्था. तुम्ही आणि तो गट एकाच पायरीवर आहात. म्हणजे प्राधान्यक्रम तुमच्या कामाचा नाही, एकाच पायरीवरच्या दोघांत कुणाला द्यायचं याचे निकष जाहीरनाम्यात काय दिलेत ते तुमच्या कामाचं. तो कागद शोधा. चावडीवर लावलेला फाटला असेल तर पुरवठा शाखेत असतोच.

आता जागेचं. जाहीरनाम्यात "स्वतःची किंवा भाड्याची" असं असेल तर उतारा गटाच्या नावावर असायची गरजच नाही. पण ज्याने जागा दिली त्याला ती द्यायचा अधिकार आहे हे दिसलं पाहिजे. सासरे वारल्यावर खोलीत सगळ्या वारसांचा हिस्सा, एकट्या दिराचं संमतीपत्र अपुरं पडतं, सासूबाई, दीर, तुमचे मिस्टर, नणंदा, सगळ्यांची सही लागते. तुम्ही अर्जासोबत नक्की काय लावलं होतं ते पत्रात लिहिलेलं नाही, आणि सगळा खेळ त्यावरच आहे. काहीच लावलं नसेल तर खरं सांगते, केस कच्ची आहे. नमुना ८ चा उतारा, घरपट्टीची पावती आणि संमतीपत्र एवढं लावलं असेल तर लढण्यासारखी आहे.

आणि एक बघाच. छाननीनंतर त्या गटाला "त्रुटी पूर्तता करा" म्हणून पत्र गेलं होतं का? बऱ्याच फायलींत असं पत्र सापडतं. एकाला सात दिवस देऊन राहिलेला कागद घेतला आणि दुसऱ्याला न विचारता बाद केलं, असं निघालं तर तो तुमचा सगळ्यात मजबूत मुद्दा. अशी सवलत द्यायची तर दोघांना, नाहीतर कुणालाच नाही.

यावर १९७९ चा सुप्रीम कोर्टाचा एक निकाल आहे जो आम्ही वकील लोक आजही दर आठवड्याला कुठे ना कुठे दाखवतो. मुंबई विमानतळावर एक हॉटेल चालवायला द्यायचं होतं, टेंडरच्या नोटिशीत लिहिलं होतं की नोंदणी असलेला, किमान ५ वर्षं अनुभव असलेला हॉटेलवालाच पाहिजे, आणि दिलं अशा माणसाला ज्याच्याकडे ती पात्रता नव्हती. कोर्टाने सांगितलं की सरकारी यंत्रणेने स्वतः जी अट घातली ती तिला स्वतःलाही लागू, मनाला येईल तेव्हा ती सोडता येणार नाही. रेशन दुकानाच्या जाहीरनाम्यालाही हेच लागू होतं. पण त्या निकालाचा शेवट कुणी सांगत नाही, तो मी सांगते. एवढं तत्त्व मान्य करूनही कोर्टाने तक्रार करणाऱ्याला काही दिलं नाही, कारण तो पाच महिन्यांनंतर आला आणि तोपर्यंत समोरच्याने पैसे घालून काम उभं केलं होतं. म्हणून ताई, उशीर करू नका. त्या गटाने गोडाऊन भाड्याने घेतलं, धान्याची उचल चालू झाली, कार्डं जोडली गेली की मग वरातीमागून घोडं.

त्यांच्या पात्रतेचं बोलायचं तर नातं हा पुरावा नाही. जुन्या दुकानदाराची सून गटात आहे एवढ्यावर गट अपात्र होत नाही, जाहीरनाम्यात तशी मनाई असेल तरच होतो. तुम्ही तारखा बघा. गट किती जुना असावा, व्यवहार किती काळाचा असावा याची अट असते का ते वाचा, आणि मग त्यांचं बँक पासबुक आणि सभेचं रजिस्टर शेजारी शेजारी ठेवा. मागे एका केसमध्ये माझ्या हातात असं रजिस्टर आलं होतं, अडीच वर्षांच्या सभा, सगळ्या एकाच निळ्या पेनाने, एकाच हाताने, एक पान कुठे मळलेलं नाही, आणि बँकेत पहिली बचत जमा झालेली जाहीरनाम्याच्या महिनाभर आधी. त्याच केसमधल्या दुसऱ्या गटाचं रजिस्टर म्हणजे पावसाळ्यात फुगलेलं, मध्येच तेलाचा डाग, जूनच्या पानावर लिहिलेलं "पेरणीमुळे चौघीच आल्या, सभा पुढे ढकलली". ते पान मी सुनावणीत उघडून समोर ठेवलं. रजिस्टर एका रात्रीत लिहिता येतं, बँकेतली जुनी नोंद नाही लिहिता येत. तुमच्या नऊ वर्षांच्या नोंदी सांभाळून ठेवा, झेरॉक्स करून दोन ठिकाणी ठेवा.

ग्रामसभेच्या ठरावाला वजन आहे पण तो म्हणजे मंजुरी नाही. सभेची नोटीस, कोरम म्हणजे ठरलेली किमान हजेरी, तारीख नीट असेल तर जोडा. कोरम नसेल तर समोरचा वकील तिथेच पकडेल.

आता करायचं काय. उद्याच मंजुरीच्या आदेशाची आणि छाननी तक्त्याची नक्कल मागा, अर्ज देऊन पोच घ्या. सोबत माहिती अधिकारात त्या गटाची पूर्ण फाईल मागा, पण त्यात ३० दिवस जातात म्हणून तिच्यासाठी थांबू नका. मग जिल्हा पुरवठा अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध विभागीय आयुक्त कार्यालयात उपआयुक्त (पुरवठा) यांच्याकडे जायचं, आणि त्याच दिवशी स्थगितीचा वेगळा अर्ज द्यायचा. तिथेही नाही झालं तर अन्न व नागरी पुरवठा मंत्र्यांकडे पुनर्विचार, आणि शेवटी हायकोर्टात रिट. तुमच्या जिल्ह्याला छत्रपती संभाजीनगर खंडपीठ लागतं. मुदत किती ते आदेशावर बघा, आणि आदेश हातात पडल्याची तारीख कागदावर लिहून ठेवा.

पैशाचं म्हणाल तर १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे कुठल्याही महिलेला मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. जिल्हा कोर्टात विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस असतं, आधार कार्ड आणि आदेशाची प्रत घेऊन जा. हायकोर्टातही विधी सेवा समिती आहे. "मोफतचा वकील काय करणार" हे ऐकू नका, मी स्वतः त्या पॅनलवर काम केलंय आणि मनापासून केलंय.

प्रश्न : मॅडम, माझ्या वडिलांचं रेशन दुकान होतं, ३० वर्षं त्यांनी चालवलं, मागच्या वर्षी गेले. आई आधीच नाही. आम्ही दोघी बहिणी, दोघींची लग्नं झालीत. शेवटची सहा वर्षं वडिलांना दिसत नव्हतं नीट, दुकान मीच बघत होते, ई-पॉस मशीन पण मीच चालवायची. वारस म्हणून अर्ज केला तर ऑफिसमध्ये सांगितलं की लग्न झालेली मुलगी कुटुंबात येत नाही. चुलत भाऊ म्हणतो मृत्युपत्रात काकांनी दुकान माझ्या नावे केलंय. (एक वाचक, सांगली जिल्हा)

उत्तर : मृत्युपत्राचं आधी मिटवू. दुकानाचं प्राधिकारपत्र ही काही वडिलांची मालमत्ता नव्हती. खोली त्यांची, काटा त्यांचा, कपाट त्यांचं, ते मृत्युपत्राने कुणालाही देता येतं. सरकारने एका माणसावर विश्वास ठेवून दिलेला परवाना असा देता येत नाही, तो विकता येत नाही, भाड्याने देता येत नाही आणि मृत्युपत्रातही लिहिता येत नाही. चुलत भावाने कितीही मोठा कागद दाखवला तरी घाबरू नका. फक्त ती खोली त्याच्या नावे लिहिलेली असेल तर जागेची दुसरी सोय आत्ताच बघून ठेवा.

आता मुख्य. लग्न झालेली मुलगी कुटुंबात येत नाही, हे वाक्य मी इतक्या टेबलांवर ऐकलंय की संताप येतो. हा प्रश्न मुंबई हायकोर्टात जाऊन आलाय. २०१४ मध्ये आईच्या नावावरच्या रॉकेल परवान्याची केस होती, आई वारली, लग्न झालेल्या मुलीने मागितला, आणि सरकार म्हणालं की आमच्या व्याख्येत विवाहित मुलगी बसत नाही. हायकोर्टाने ती व्याख्या मुलीच्या बाबतीत घटनेच्या विरुद्ध ठरवली. लग्न झालेला मुलगा कुटुंबात राहतो आणि लग्न झालेली मुलगी बाहेर, हा फरक फक्त बाई म्हणून केलेला आहे असं कोर्टाने धरलं. केस रॉकेलची होती पण खातं तेच आणि तर्कही तोच.

म्हणून तुम्ही तोंडी उत्तर घेऊन परत येऊ नका. लेखी अर्ज द्या, २०१४ च्या निकालाची प्रत जोडा, आणि नाकारायचं असेल तर कारणासह लेखी नाकारा अशी विनंती अर्जातच करा. तोंडी नकाराविरुद्ध अपील करता येत नाही, हे लक्षात ठेवा. बहिणीचं ना-हरकत प्रतिज्ञापत्र लावा, ते नसेल तर सगळं घोडं तिथेच पेंड खातं. सहा वर्षं तुम्ही दुकान बघत होता याचा पुरावा सांभाळून मांडा, कारण त्याचे दोन अर्थ निघू शकतात, तुम्ही वडिलांच्या मदतीला होता हा एक, आणि वडिलांनी दुकान दुसऱ्याला चालवायला दिलं होतं हा दुसरा, दुसरा अर्थ निघाला तर उलट अंगावर येईल. मशीनवर तुमची नॉमिनी म्हणून नोंद होती का ते बघा, असेल तर प्रश्नच मिटला.

तुमच्यासाठी एक बरं झालंय, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय, सांगली त्यात येतं. वेळ आलीच तर मुंबईच्या रात्रीच्या गाडीची गरज नाही.

प्रश्न : मी बीकॉम झालोय, नोकरी नाही. स्वतःच्या नावावर रेशन दुकान मिळेल का? किती सुटतात महिन्याला? (एक तरुण, जळगाव जिल्हा)

उत्तर : एकट्याच्या नावावर पूर्वी मिळायचं, आजही जुनी बरीच दुकानं व्यक्तींच्या नावावर आहेत. पण २०१७ नंतरच्या जाहीरनाम्यांत पंचायत, गट आणि संस्थाच अर्ज करू शकतात, व्यक्तीला त्यात जागा नाही. कुणी "दोन लाख द्या, करून देतो" म्हणत असेल तर त्याच्या नादी लागू नका, असं "करून दिलेलं" दुकान पहिल्याच तक्रारीत जातं आणि पैसेही परत येत नाहीत.

सुटतात किती ते स्वतःच मोजा. समजा दुकानाला प्राधान्य गटातले १२०० लाभार्थी आहेत, माणशी ५ किलो म्हणजे ६० क्विंटल. कमिशन कित्येक वर्षं क्विंटलला १५० रुपये होतं, २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने ते १७० केलं. म्हणजे महिन्याला साधारण १०,२०० रुपये, त्यातून दुकानाचं भाडं, लाईट, मापाड्याचा रोज आणि पोत्यातली घट. २०२३ पासून धान्य फुकट झाल्यामुळे ग्राहकाकडून रोख काही येतही नाही, कमिशन खात्यावर कधी जमा होतं त्याची वाट बघत बसायचं. एका माणसाचं घर त्यावर चालणं कठीण आहे. गटाला ते परवडतं कारण गटाची बाकीचीही कामं असतात आणि बाया आळीपाळीने बसतात. तुमचं अकाउंट्सचं शिक्षण आहे, तालुक्यात किती गटांना हिशेब लिहून देणारा माणूस मिळत नाही ते एकदा विचारून बघा.

प्रश्न : माझं २२ वर्षांपासून दुकान आहे. दोन वर्षांपूर्वी तपासणी झाली, साठ्यात ४ क्विंटल तांदूळ कमी निघाला. मी सांगितलं की त्या दिवशी मशीनचं सर्व्हर बंद होतं, लोकांना धान्य वहीवर लिहून दिलं, पण ऐकलं नाही. दुकान आधी निलंबित, मग रद्द, अनामत जप्त. मी वरती अपील केलं ते चालू आहे आणि इकडे एका बचत गटाला दुकान देऊन टाकलं. आता मी जिंकलो तरी दुकान मिळेल का? त्या गटाला केसमध्ये पार्टी (पक्षकार) करावं लागेल का? (एक दुकानदार, यवतमाळ जिल्हा)

उत्तर : दादा, तुमचं म्हणणं खरं असेल तर मला तुमच्याबद्दल वाईट वाटतं, कारण सर्व्हर बंद पडल्यावर लाईनीत उभ्या म्हातारीला परत पाठवायचं की वहीवर लिहून द्यायचं, हा पेच दुकानदारावर येतो. पण वही कुठे आहे? त्या दिवसाची, कार्डधारकांच्या सह्या अंगठ्यांची वही पंचनाम्यात आली का? पंचनाम्यावर तुमची सही घेताना तुम्ही त्यावर "सर्व्हर बंद, वहीवर वाटप" एवढं एक वाक्य लिहिलं का? नसेल लिहिलं तर आता त्या कार्डधारकांची प्रतिज्ञापत्रं घ्या, आणि मशीनवर त्या दिवशी किती व्यवहार झाले त्याचा रिपोर्ट मागा. सकाळी अकरा ते चार एकही व्यवहार नाही असं त्यात दिसलं तर तुमचं अर्धं काम झालं.

मग आदेश वाचा. कारणे दाखवा नोटिशीत जो आरोप होता तोच आदेशात आहे का? नोटीस ४ क्विंटल तांदळाची आणि आदेशात "ग्राहकांशी उद्धट वागणूक" असं काही नवीन घुसवलं असेल तर त्यावर तुम्हाला बोलायची संधीच मिळाली नाही. आणि तुमच्या खुलाशाला आदेशात उत्तर आहे का, की नुसतं "खुलासा समाधानकारक नाही" एवढं एकच वाक्य? तसं असेल तर तो आदेश टिकायला अवघड आहे. अधिकाऱ्याने जी कारणं आदेशात दिली त्यावरच आदेश उभा राहतो किंवा पडतो, नंतर कोर्टात प्रतिज्ञापत्र करून नवी कारणं जोडता येत नाहीत, हे सुप्रीम कोर्टाने १९७८ मध्येच सांगितलंय.

आता त्या गटाचं. यावर उत्तर प्रदेशातल्या रेशन दुकानांच्या दोन केसेस सुप्रीम कोर्टात गेल्यात. २०१५ मध्ये कोर्ट म्हणालं की जुन्या दुकानदाराचं भांडण सरकारशी आहे, नंतर ज्याला दुकान मिळालं तो त्यात आवश्यक पक्ष नाही, जुना जिंकला तर त्याला बाजूला व्हावं लागेल. पण २०२२ मध्ये दुसऱ्या केसमध्ये, जिथे नवीन दुकानदाराची नेमणूक झालेली होती आणि त्याला पार्टीच केलं नव्हतं, तिथे कोर्टाने उलट सांगितलं की त्याला ऐकून घ्यायलाच हवं होतं. दोन्ही वाचून माझा सल्ला एकच, त्या गटाला आत्ताच पार्टी करा. लपवून काही मिळवलं तर पुढच्या पायरीवर ते जातं. आणि गटाला मिळालेलं पत्र "अपिलाच्या निकालाच्या अधीन" आहे की बिनशर्त ते बघा. अधीन असेल तर तुमचा रस्ता मोकळा आहे.

त्या गटातल्या बायांशी भांडू नका एवढं माझं ऐका. त्यांनी जाहीरनामा बघून अर्ज केला, त्यांनी तुमचं काही हिसकावलेलं नाही. गावात तुमचं नाव घेऊन दोन माणसं त्यांच्या दुकानासमोर आरडाओरडा करतात हे तुम्हीच पत्रात लिहिलंय, ते आधी थांबवा, उद्या तेच तुमच्याविरुद्ध लागेल.

प्रश्न : आमच्या ग्रामपंचायतीने स्वतःच दुकान घ्यायचा ठराव केला, पण दुकान प्रत्यक्षात चालवणार सरपंचताईंचे पती. हे चालतं का? (एक ग्रामपंचायत सदस्य, अहिल्यानगर जिल्हा)

उत्तर : पंचायत प्राधान्यात पहिली आहे, तिने अर्ज करणं अगदी बरोबर. पण दुकान चालवणं महिलांच्या किंवा त्यांच्या गटाच्या हातात असावं असा कायद्याचाच आग्रह आहे, आणि "सरपंचपती" ही काही कायद्यातली पोस्ट नाही. शिवाय ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १४(१)(ग) मध्ये आहे की पंचायतीच्या कामात किंवा करारात सदस्याचा प्रत्यक्ष किंवा अप्रत्यक्ष हितसंबंध असेल तर सदस्यत्व जातं. पतीला कमिशन मिळालं तर सरपंचताईंचं पद धोक्यात येऊ शकतं, हे त्यांना सभेत सगळ्यांसमोर सांगा, नीट शब्दांत सांगा, कदाचित त्यांना कुणी सांगितलंच नसेल. गावातल्याच एखाद्या महिला गटाला चालवायला द्या, आणि तो ठराव इतिवृत्तात येऊ द्या.

प्रश्न : आमच्या पाड्यावरच्या दुकानाचा वाद तीन वर्षं चालू आहे, दोन गट भांडतायत, स्थगिती आहे. कार्डं पाच किलोमीटरवरच्या गावाला जोडलीत. म्हाताऱ्या माणसांना चालत जावं लागतं, कधी गेल्यावर कळतं धान्य आलंच नाही. आम्ही दोन्ही गटांत नाही. आमचं कोण ऐकणार? (एक शिक्षक, नाशिक जिल्हा)

उत्तर : सर, बरं झालं तुम्ही लिहिलंत. बाकी सगळी पत्रं दुकान कुणाला मिळावं यावर आहेत, धान्य कुणाला मिळत नाहीये हे एकट्या तुम्हीच विचारलंत. स्थगितीचा अर्ज देताना हे मीही विसरते, हे कबूल करते.

तुमचं ऐकायला जागा आहे. अन्न सुरक्षा कायद्यात जिल्हा तक्रार निवारण अधिकारी असतो आणि त्याच्यावर राज्य अन्न आयोग असतो, तिथे कुठलाही कार्डधारक जाऊ शकतो. तुम्ही दुकान कुणाला द्या हे मागू नका, त्यात पडलात की तुम्हालाही कुठल्यातरी गटाचं समजतील. एवढंच मागा की वाद मिटेपर्यंत ठरलेल्या दोन तारखांना, पाड्यावर, शाळेच्या किंवा समाजमंदिराच्या ओट्यावर मशीन आणि धान्य आणून वाटप व्हावं. जोडलेला दुकानदार मशीन घेऊन येऊ शकतो, रेंज नसेल तर कुठल्या टेकाडावर येते हे तुमच्या विद्यार्थ्यांना माहीत असेल, अर्जात तेही लिहा, अधिकाऱ्याला सबब राहत नाही.

ठरलेलं धान्य मिळालंच नाही अशा महिन्यांसाठी त्याच कायद्याच्या कलम ८ मध्ये अन्न सुरक्षा भत्त्याची तरतूद आहे. त्यासाठी पुरावा लागेल. एक दोनशे पानी वही घ्या, दर महिन्याला कार्ड नंबर, कितीदा गेले, काय मिळालं, किती मिळालं असं लिहा, अंत्योदय कार्डाला ३५ किलो आणि प्राधान्य कार्डाला माणशी ५ किलो यातलं किती कमी पडलं तो रकाना वेगळा ठेवा, सह्या अंगठे घ्या. आणि तोवर कुणालाही जोडलेल्याच दुकानात जायची सक्ती नाही, आता कार्ड कुठल्याही रेशन दुकानात चालतं, बाजाराच्या दिवशी जिथे एसटी जाते तिथल्या दुकानातून घेता येतं.

स्थगितीचं बोलायचं तर ती ज्या प्रकरणात आहे त्याचा नंबर मला पाठवा. दोन्ही गटांत नसलेल्या कार्डधारकांनी त्या प्रकरणात हस्तक्षेप अर्ज देऊन एवढंच सांगायचं की आमच्यासाठी तात्पुरती सोय करा आणि सुनावणी लवकर घ्या. तो अर्ज मी लिहून देईन, फी नको. वीस पंचवीस जणांच्या सह्या आणि कार्डांच्या झेरॉक्स तेवढ्या गोळा करून ठेवा, पाड्यावरच्या बायांच्या सह्या आधी.